बेट नसलेली प्रेमकथा

सातवीत असताना शाळेच्या गॅदरिंगमध्ये मी खंडागळ्यांच्या हत्तीचे मागचे पाय होतो. पुढचे पाय माझा मित्र होता. राखाडी रंग दिलेली एक चादर, पुठ्ठ्याचे कान आणि सोंड म्हणून जुन्या पॅंटचा एक पाय. नाटक जिजाऊंवर होतं. आमच्या जानेफळहून मेहकर, सुलतानपूर, बिबी, दुसरबीड करत गेलं की दीड-दोन तासांत सिंदखेडराजा येतं, जिजाऊंचं जन्मगाव. दर १२ जानेवारीला गावातून गाड्या भरून माणसं तिकडे जातात. त्यामुळे गॅदरिंगला दुसरं काही असो वा नसो, जिजाऊंवरचं नाटक असायचंच.

हत्तीचा प्रसंग टाळ्यांचा होता. हत्ती बिथरतो, जाधव आणि भोसले एकमेकांवर तलवारी उपसतात, दोन मुलं धाडकन पडतात. या सगळ्या गोंधळात चादरीच्या फटीतून मला विंगेतली एक मुलगी दिसत होती. नऊवारी, नथ, हातात मुरमुऱ्यांचा द्रोण. ती जिजाऊ होती. तिला या प्रसंगात काम नव्हतं. स्टेजवर तिचा भाऊ मरत होता, नवरा जखमी होत होता, बाप तलवार चालवत होता आणि ती निवांत मुरमुरे खात पुढच्या एन्ट्रीची वाट बघत होती.

तेव्हा मला त्यात काही खटकलं नाही. आता अठ्ठावीस वर्षांचा झाल्यावर वाटतं, की आपण ही गोष्ट चारशे वर्षं बहुतेक अशीच सांगत आलोय. हत्ती स्टेजवर आणि जिजाऊ विंगेत.

आधी गोष्ट थोडक्यात. सिंदखेडचे लखुजीराजे जाधव हे निजामशाहीतले बडे सरदार, देवगिरीच्या यादवांचा वारसा सांगणारं घराणं. वेरूळचे मालोजीराजे भोसले त्याच निजामशाहीतले. लखुजींच्या मुलीचं आणि मालोजींच्या मुलाचं लग्न १६०५ च्या सुमारास झालं असं मानतात. पुढे एकदा दरबार उठल्यावर खंडागळे नावाच्या सरदाराचा हत्ती बिथरला. लखुजींचा मुलगा दत्ताजी हत्तीवर चालून गेला. शहाजीराजांचे चुलतभाऊ संभाजी आणि खेलोजी खंडागळ्यांच्या मदतीला धावले. बाचाबाचीचं रण झालं आणि संभाजीच्या हातून दत्ताजी मारला गेला. पुढे निघून गेलेले लखुजीराजे बातमी ऐकून उलटे फिरले, त्यांच्या वाराने शहाजीराजे जखमी झाले आणि संभाजी ठार झाला. म्हणजे एका संध्याकाळी जिजाऊंचा सख्खा भाऊ गेला, चुलत दीर गेला, आणि नवऱ्याच्या अंगावरची जखम वडिलांच्या हातची होती.

लखुजीराजे मोगलांकडे गेले. १६२४ मध्ये अहमदनगरजवळ भातवडीला मोठी लढाई झाली. एका बाजूला मलिक अंबरची निजामशाही फौज, तिच्यात शहाजीराजे आणि त्यांचे भाऊ शरीफजी. समोर मोगल आणि आदिलशाही, त्यांच्यात लखुजीराजे. मलिक अंबर जिंकला, शरीफजी पडले. नंतर लखुजीराजे पुन्हा निजामशाहीत परतले आणि २५ जुलै १६२९ रोजी दौलताबादेत, दरबारात मुजऱ्याला गेलेले असताना, त्यांची हत्या झाली. सोबत अचलोजी आणि राघोजी ही दोन मुलं आणि यशवंतराव हा नातूही मारला गेला.

आपसातल्या युद्धाला मराठीत शब्द आहे ‘यादवी’. एकाच कुळातली माणसं एकमेकांना मारून संपली, त्या महाभारतातल्या यादवांवरून आलेला. लखुजींना तर ‘शिवभारत’कार परमानंद यादवराजच म्हणतात. माहेर यादवांचं आणि आयुष्याची कित्येक वर्षं यादवीत, अशी ही स्त्री आहे.

दोन शत्रूंच्या घरांतली जोडपी हा जगभरच्या साहित्याचा आवडता विषय. मला त्यातली सगळ्यात नेमकी वाटलेली कथा रशियन आहे, बोरिस लाव्रेन्योव्ह यांची १९२४ ची ‘एकेचाळिसावा’. तिच्यावर ग्रिगोरी चुख्राय यांनी १९५६ मध्ये केलेला सिनेमा मी पुण्यात पीजीच्या खोलीत, मोबाइलवर, सबटायटल्स लावून पाहिला. रशियन यादवीचा काळ. मार्युत्का ही कोळ्याची मुलगी, लाल सैन्यातली नेमबाज. तिने चाळीस शत्रू टिपलेत. एकेचाळिसाव्यावर नेम चुकतो आणि तो पांढऱ्या सैन्यातला लेफ्टनंट तिच्याच ताब्यात येतो. कैद्याला घेऊन जाताना अरल समुद्रात वादळ होतं आणि दोघंच एका ओसाड बेटावर अडकतात. त्याला ताप येतो, ती शुश्रूषा करते. ज्या कागदांवर तिने स्वतःच्या कविता लिहिल्यात, ते कागद ती त्याला सिगारेट वळायला देते. मग एक दिवस होडी येते. होडीत त्याच्या बाजूचे लोक असतात. तो आनंदाने पाण्याकडे धावतो आणि ती गोळी घालते. एकेचाळिसावा.

सिनेमा संपल्यावर मी बराच वेळ त्या बेटाचाच विचार करत होतो. शत्रू-प्रेमाच्या कथेला बेट लागतं. जिथे युद्ध नाही, बाजू नाहीत, फक्त ताप आहे आणि चूल आहे, अशी एक जागा. तिथे प्रेम होतं, मग होडी येते आणि विचारते, तू कुणाची?

आपल्याकडेही हेच. ‘सैराट’मध्ये आर्ची-परश्याचं बेट म्हणजे हैदराबाद. तिथे त्यांना कुणी ओळखत नाही, पत्र्याच्या खोलीत संसार सुरू होतो. होडी तिथेही येते. आईने पाठवलेल्या भेटवस्तू घेऊन भाऊ येतो आणि घर संपवून जातो. नागराज मंजुळेंचं मोठेपण मला शेवटच्या धक्क्यात वाटत नाही, तर बेटावरची आर्ची चिडचिडी, रडवी, घरच्या आठवणीने कासावीस दाखवण्यात वाटतं. ज्यांच्यापासून पळालो त्यांचीच आठवण येते, हे आपल्या सिनेमात फारसं कुणी दाखवत नाही.

आता जिजाऊ-शहाजीराजांकडे परत येऊ. या कथेत बेट नाही. लग्न आधी झालं, यादवी नंतर आली आणि होडी तर रोजच दारात होती. मग मराठी सांगणाऱ्यांनी काय केलं? त्यांनी दोन बेटं तयार केली.

पहिलं बेट रंगपंचमीचं. सिंदखेडला रंगाचा उत्सव चाललाय, छोटी जिजाऊ आणि छोटा शहाजी एकमेकांवर रंग उडवतात, लखुजीराजे कौतुकाने म्हणतात की जोडा छान शोभतो, आणि मालोजीराजे सगळ्यांना साक्षी ठेवून तो शब्द पकडतात. सिंदखेडला आजही लोक रंगमहाल दाखवतात. शाळेच्या सहलीत आम्ही तिथे उभं राहून एकमेकांवर खोटा रंग उडवला होता. पण शिवाजी महाराजांच्याच काळात लिहिलेल्या ‘शिवभारता’त ही रंगपंचमी नाही. तिथे लखुजीराजे चांगलं स्थळ बघून मुलगी देतात, बस्स. रंग नंतरच्या बखरींनी उडवला.

दुसरं बेट शिवनेरीचं. शहाजीराजे घोड्यावर पुढे, मागे फौज घेऊन सासरे आणि मध्ये सहा-सात महिन्यांच्या गरोदर जिजाऊ. प्रवास झेपेना म्हणून त्यांना शिवनेरीवर ठेवून राजे पुढे जातात. मागून लखुजीराजे येतात, बाप-लेकीची भेट होते. बाप म्हणतो, सिंदखेडला चल. लेक बाणेदारपणे नाही म्हणते. बाप डोळे पुसत निघून जातो. मग शिवजन्म. नाटकात आमच्या जिजाऊची एन्ट्री इथे होती, आणि मुरमुरेवाल्या मुलीने संवाद असा काही म्हटला की पाहुणे म्हणून आलेल्या सरपंचांनी रुमाल काढला.

मी दिवसभर ऑफिसात दोन सिस्टीमचे लॉग समोरासमोर ठेवून वेळा जुळतात का ते बघतो. त्या सवयीने इथल्या तारखाही ठेवून पाहिल्या. लखुजीराजांची हत्या २५ जुलै १६२९. शिवजन्म १९ फेब्रुवारी १६३०. मध्ये २०९ दिवस, जेमतेम सात महिने. म्हणजे वडील गेले तेव्हा जिजाऊंना दोनेक महिने झाले असतील. सातव्या महिन्यात शिवनेरीवर भेटायला लखुजीराजे हयातच नव्हते. शिवजन्माची जुनी, १६२७ ची तिथी धरली तर प्रसंग कसाबसा बसतो. पण टिळकांनी १९१६ मध्ये जेधे शकावली प्रसिद्ध केल्यापासून १६३० चं पारडं जड होत गेलं आणि आज राज्य सरकारही १९ फेब्रुवारीलाच शिवजयंती करतं. आपण जन्माची तारीख नवी घेतली आणि प्रसंग जुनाच ठेवला.

चूक काढली म्हणून खूश होण्यासाठी मी हे लिहीत नाहीये. बखरकारांना कॅलेंडर कळत नव्हतं असंही माझं म्हणणं नाही. माझा प्रश्न असा आहे, की हा प्रसंग तारखेत बसत नसूनही आपल्याला सोडवत का नाही? मला वाटतं, बाप आणि लेक एकदा तरी समोरासमोर बोलले असावेत अशी आपली फार इच्छा आहे. चारशे वर्षांपूर्वीच्या त्या बाईला निरोपाचं एक वाक्य मिळावं. ही इच्छा चांगली आहे. पण ती पुरी करताना आपण दोन गोष्टी गमावतो.

पहिली, बाजू. नाटकात त्यांचं ‘नाही’ हे थेट स्वराज्याच्या बाजूचं होतं. बाप परक्यांचा चाकर, नवरा आपल्यांचा, म्हणून लेक नवऱ्याच्या बाजूने. पण तेव्हा स्वराज्य नावाची बाजूच नव्हती. दोन्ही घरं सुलतानांचीच चाकरी करत होती आणि चाकरी बदलत होती. सासरे मोगलांकडून लढले तेव्हा जावई निजामशाहीत होते. सासऱ्यांची हत्या झाल्यावर शहाजीराजांनी त्याच निजामशाहीकडे पाठ फिरवली आणि १६३० मध्ये तेही काही काळ मोगलांच्या चाकरीत गेले. जिजाऊंसमोर बरोबर आणि चूक अशा दोन फायली ठेवलेल्या नव्हत्या. होती ती फक्त आपली माणसं, दोन्हीकडे. पुढे काय घडणार हे आपल्याला माहीत आहे म्हणून आपण त्यांना सोपी निवड देतो. तशी निवड खरोखर असती तर दुःख निम्म्याने कमी झालं असतं.

दुसरी गोष्ट आपण गमावतो ती म्हणजे मधली वर्षं. रंगपंचमी आणि शिवनेरी या दोन बेटांच्या मधली. त्या काळातली एक गोष्ट मला फार लागते. जिजाऊंच्या थोरल्या मुलाचं नाव संभाजी. हत्तीच्या भांडणात गेलेल्या चुलतभावाच्या आठवणीसाठी शहाजीराजांनी ते ठेवलं, असं सांगतात. हे खरं असेल तर जरा थांबून विचार करा. ज्याच्या हातून आपला भाऊ गेला आणि ज्याला आपल्या बापाने मारलं, त्याच्या नावाने स्वतःच्या लेकराला हाक मारायची. जेवायला, झोपायला, रडत असेल तर समजावायला. दिवसातून पन्नास वेळा. यात तलवार नाही, पाठलाग नाही, बाणेदार संवाद तर अजिबात नाही. तरी मला हा प्रसंग हत्तीपेक्षा मोठा वाटतो.

मला हे का लागतं ते सांगायला हवं, कारण ते पुस्तकातून आलेलं नाही.

माझी आत्या गावातच दिली होती. आमचं आणि तिच्या सासऱ्यांचं शेत एकाच शिवारात, मध्ये फक्त एक धुरा. शेजार आणखी पक्का व्हावा म्हणून हे स्थळ केलं, असं आजी सांगायची. लग्नानंतर सहा वर्षांनी त्याच धुऱ्यावरून भांडण झालं. कुणी म्हणे आमच्या आजोबांनी धुरा कोरला, कुणी म्हणे त्यांनी. एके दिवशी शेतात काठ्या निघाल्या. माझ्या काकांचं डोकं फुटलं, आत्याच्या नवऱ्याचा हात मोडला. केस झाली, तारखा सुरू झाल्या. आत्याचं माहेर चार गल्ल्यांवर होतं आणि नऊ वर्षं ती त्यात पाय ठेवू शकली नाही. ना दिवाळीला, ना राखीला.

त्या नऊ वर्षांतली बरीच वर्षं मी शाळकरी होतो. शाळेतून येताना आत्या कधीकधी पिठाच्या गिरणीजवळ उभी असायची. हातात कागदात बांधलेली करंजी नाहीतर शंकरपाळे. मी खाईपर्यंत ती विचारायची, “बाबाची गोळी चालू हाये ना?” बाबा म्हणजे माझे आजोबा. “काकाचं डोकं दुखते काय रे अजून?” आणि निघताना एकच सांगायची, “घरी सांगू नको बापू.” घरी आल्यावर आजी माझ्या शर्टावरचा पिठीसाखरेचा डाग बघायची आणि काहीच विचारायची नाही.

२०२० च्या लॉकडाऊनमध्ये मी गावी बसून काम करत होतो. तोपर्यंत आजोबा गेले होते, मोजणी होऊन तडजोड झाली होती. फरक दोन हातांचा निघाला होता. आत्या रोज घरी यायची. सोनी मराठीवर २०१९ पासून ‘स्वराज्यजननी जिजामाता’ ही मालिका चालू होती. त्यावरून विषय निघाला आणि मी तिला शिवनेरीचा तो प्रसंग सांगितला. बाप काय म्हणतो, लेक काय म्हणते. आत्या लसूण सोलत होती. म्हणाली, “एवढं बोलता आलं असतं त मंग भांडनच काहून झालं असतं?”

मी विचारलं, मग तू तेव्हा कुणाच्या बाजूची होतीस? ती हसली. “भांडन एका दिवसाचं असते बापू. सयपाक रोजचा असते. ज्याचा हात मोडला त्याले भरवलं. ज्याचं डोकं फुटलं त्याची खबर घेतली. बाजू कोन्ती?”

आमच्या साहित्यातल्या, सिनेमातल्या आणि गॅदरिंगमधल्या शत्रू-प्रेमाच्या कथांवर मी वाचलेली ही सगळ्यात चांगली टीका आहे, फक्त ती लसूण सोलताना केलेली आहे. या कथा होडी आल्यावरच्या क्षणावर उभ्या असतात. निवड कर, गोळी घाल, पळून जा, नाही म्हण. बेट असलेल्या कथेत ते बरोबरच आहे. मार्युत्काला दुसरं काय करता येणार? पण ज्यांना बेट मिळालं नाही त्यांच्या कथेत हा क्षण उसना आणावा लागतो, आणि तो आणला की त्यांनी खरोखर जे केलं ते दिसेनासं होतं. निवड न करता दोन्हीकडच्या माणसांचं माणूसपण धरून ठेवणं हेही काम आहे, आणि ते गोळी घालण्याइतकंच अवघड आहे.

यावर कुणी म्हणेल, जिजाऊ आमचं दैवत आहेत, तुझ्या आत्याशी तुलना कसली करतोस? मी तुलना करत नाहीये. त्यांना काय वाटलं हे मला माहीत आहे असा दावाही नाही, कारण त्या वर्षांतला त्यांचा एकही शब्द आपल्यापर्यंत पोचलेला नाही. पण दैवत करताना आपण त्यांचं दुःख काढून घेतो, एवढंच म्हणतो. भाऊ गेला तेव्हा त्या सासरी काय करत होत्या? भातवडीची बातमी आली, नवऱ्याच्या बाजूचा विजय आणि बापाच्या बाजूचा पराभव, तेव्हा घरात गोडधोड झालं असेल का? वाढलं कुणी असेल? कादंबरीकाराला, पटकथाकाराला इथे मोकळं रान आहे. आपण मात्र पुन्हा पुन्हा त्याच दोन बेटांवर उतरतो.

आणि जुलै १६२९. ही तारीख खरी धरली तर आपल्याजवळ शिवनेरीच्या भेटीपेक्षा कितीतरी मोठा प्रसंग आहे, जो शाळेच्या नाटकात मी तरी कधी पाहिला नाही. दोन महिन्यांची गरोदर बाई. दौलताबादेहून जासूद येतो. वडील, दोन भाऊ आणि भाचा एकाच दिवशी गेले. मारणारा दरबार तोच, ज्याच्यासाठी नवरा बापाविरुद्ध लढला होता. निरोप नाही, संवाद नाही, सिंदखेडला चल म्हणणारं कुणी उरलेलं नाही. त्यानंतर सात महिन्यांनी ते मूल जन्मलं. त्या सात महिन्यांवर कुणीतरी नाटक लिहावं.

यंदा १२ जानेवारीची गर्दी ओसरल्यावर मी आत्याला घेऊन सिंदखेडला गेलो. राजवाडा पाहिला, मग लखुजीराजांच्या समाधीकडे गेलो. भलीमोठी वास्तू, आत गारवा. मी तिला सांगितलं की बापासोबत दोन मुलं आणि नातूही त्याच दिवशी गेला. आत्याने चप्पल बाहेर काढलीच होती. ती आत जाऊन टेकली, बराच वेळ काही बोलली नाही. मग तिने विचारलं, “लेकीले येऊ देल्लं असन काय रे मातीले?”

मला उत्तर माहीत नव्हतं. परतीच्या वाटेवर बिबीला आम्ही चहा प्यायलो. तिने आजोबांच्या मातीच्या दिवसाबद्दल पहिल्यांदा सांगितलं. नऊ वर्षांनी ती आमच्या अंगणात आली होती, पण उंबऱ्यापाशी थांबली, कारण आत जा असं कुणी म्हणेना. शेवटी ज्यांचं डोकं फुटलं होतं ते काका उठले आणि त्यांनी तिच्या हातात पाण्याचा तांब्या दिला.